दिएगो की हाविएर? मुलाचं स्पॅनिश नाव ठरवताना

बारशाला बारा दिवस मिळतात. स्पेनमध्ये एवढी सवड नसते. बाळ जन्मलं की दवाखान्यातूनच ७२ तासांत त्याची नोंद सरकारी दफ्तरात पाठवायची सोय आहे, आणि पुढची धावपळ नको म्हणून आम्हीही तीच धरली. पाम्प्लोनाच्या दवाखान्यात तिसऱ्या दिवशी सकाळी फॉर्म माझ्या मांडीवर होता, नावाची चौकट कोरी होती आणि आमच्याकडे दोन नावं होती: दिएगो आणि हाविएर. बायको नव्हाराची, म्हणजे पाम्प्लोना ज्या प्रांतात आहे तिथली; मी सावंतवाडीचा. इथे मुलाला दोन नावं ठेवता येतात, त्यातलं दुसरं मराठी हे आधीच ठरलं होतं. अडलं होतं ते पहिल्यावर.

आता मुलगा शाळेत जातो, आणि मराठी-स्पॅनिश घरांतले ओळखीचे लोक मला हाच प्रश्न विचारतात. म्हणून दोन्ही नावांबद्दल जे कळलं, जे अनुभवलं ते लिहून ठेवतो. माझं मन एका बाजूला झुकलेलं आहे, एवढं वाचताना लक्षात असू द्या.

आधी दिएगो, कारण सुरुवातीला तेच पुढे होतं. मराठी जिभेला याच्याइतकं सोपं स्पॅनिश नाव क्वचित सापडेल. स्पॅनिश 'द' आपल्या 'दगडा'तल्या 'द'सारखाच दातांवर येतो. रोमन अक्षरं बघून कुणी 'डिएगो' म्हणेल खरं, पण कानाने ऐकलं तर चुकायला जागा नाही. फोनवर आईला सांगितलं तेव्हा तिने पहिल्याच फटक्यात बरोबर म्हटलं. लिहायला सोपं, हाक मारायला सोपं, आणि शेवटचा 'गो' लांबवला की अंगणाच्या पलीकडे पोचतं.

शिवाय नाव खरोखर जुनं आहे. रोद्रिगो दिआस दे विवार, म्हणजे स्पेनचा मध्ययुगीन वीर एल सिद, याच्या नावातलं 'दिआस' म्हणजे 'दिएगोचा मुलगा'. त्याच्या बापाचं नाव दिएगो, त्याच्या मुलाचंही दिएगो; तो मुलगा १०९७ मध्ये कोन्सुएग्राच्या लढाईत पडला. बापाचं नाव मुलाच्या नावाला जोडायची ही रीत आपल्याला समजावून सांगावी लागत नाही. पुढे १५९९ मध्ये सेव्हियात जन्मलेला चित्रकार वेलास्केस दिएगो, मेक्सिकोचा रिव्हेरा दिएगो, आणि मॅराडोना तर आहेच. कुठल्याही काळात शिळं न झालेलं नाव.

मग अडलं कुठे? अर्थापाशी.

आपल्याकडे नाव ऐकलं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो: "म्हणजे काय?" स्पेनमध्ये हा प्रश्न सहसा कुणी विचारत नाही. तिथे विचारतात, कुणाचं नाव ठेवलंत, आजोबांचं की काकांचं? आईने अर्थातच अर्थ विचारला. मी फोनवरच शोधलं, आणि जिथे बघावं तिथे एकच उत्तर ठासून लिहिलेलं: दिएगो म्हणजे याकोब, याकोब म्हणजे दुसऱ्याला हटवून त्याची जागा घेणारा. बायबलमधल्या याकोबाने जन्मताना जुळ्या भावाची टाच धरली होती, पुढे त्याचा ज्येष्ठपणाचा हक्कही घेतला, त्यावरून हा अर्थ. मी तो जसाच्या तसा आईला सांगितला. ती थोडा वेळ काही बोललीच नाही. मग म्हणाली, "बाळाला असं नाव कशाला रे ठेवायचं?"

मला बोचलं ते वेगळंच. हा अर्थ दिएगोचा आहे हेच मुळात पक्कं नाही. गोष्ट अशी सांगतात की लॅटिन 'सांक्तुस याकोबुस'चं 'सांत यागो' झालं, लोकांनी ते चुकीच्या जागी तोडून 'सान तियागो' केलं, आणि 'तियागो'चं दिएगो झालं. ऐकायला गोड आहे. पण मध्ययुगातल्या लॅटिन कागदांत दिएगो नावाची माणसं येतात ती 'दिदाकुस' म्हणून. १४६३ मध्ये वारलेला आल्कालाचा संत दिएगो, ज्याच्या नावावरून कॅलिफोर्नियातल्या सान दिएगोला १६०२ मध्ये नाव मिळालं, तोही लॅटिनमध्ये दिदाकुसच. काही जण दिदाकुसचा धागा ग्रीक 'दिदाखे'शी, म्हणजे शिकवणीशी, जोडतात. काहींच्या मते नाव रोमनांच्याही आधीचं, इथल्या मातीतलं आहे, आणि लॅटिन रूप त्यावर नंतर चढवलं.

म्हणजे उत्तरं तीन, आणि छातीठोकपणे सांगावं असं एकही नाही. तरी बाळांच्या नावांच्या प्रत्येक यादीत तेच 'जागा बळकावणारा' छापलेलं. हा मुलगा मोठा होईल, सावंतवाडीला जाईल, तिथे प्रत्येक मावशी-मामी विचारेल, आणि दर वेळी त्याने आधी चुकीचा अर्थ खोडायचा, मग तीन शक्यता सांगायच्या, हे मला नको वाटलं. कुणाला हे फार क्षुल्लक वाटेल. तुमच्या घरात अर्थ विचारायची सवय नसेल, तर ते क्षुल्लकच आहे. तसं असेल तर दिएगो डोळे मिटून ठेवा, पुढचं वाचलं नाही तरी चालेल.

हाविएरचं बरोबर उलटं आहे. अर्थ एक आणि स्वच्छ. हे मुळात माणसाचं नावच नव्हे, गावाचं आहे. नव्हारात सांगुएसाजवळ, पाम्प्लोनापासून सुमारे ५० किलोमीटरवर, हाविएर नावाची गढी आहे. या भागातल्या जुन्या बास्क भाषेत 'एचे' म्हणजे घर आणि 'बेरी' म्हणजे नवं. एचेबेरीचं झिजत झिजत शाविएर झालं, आणि त्याचंच पुढे हाविएर. एचेवेरिया हे आडनाव स्पेनपासून अर्जेंटिनापर्यंत ऐकू येतं, तेही याच मुळातून आलेलं. आईला सांगितलं, "नवं घर." ती लगेच म्हणाली, "म्हणजे नवघर!" वसईला नवघर आहे, मुलुंडला आहे, नवघरे आडनावाची माणसं आहेत. तिच्या दृष्टीने नाव तिथेच घरचं झालं.

गावाचं नाव माणसाला लागलं ते एका माणसामुळे. ७ एप्रिल १५०६ ला त्या गढीत फ्रान्सिस्को जन्मला. बाप हुआन दे हासो, आई मारिया दे आस्पिलिकुएता. 'हाविएर' हे फक्त घराणं कुठलं ते सांगायला. तोच आपला सेंट झेवियर. ६ मे १५४२ ला तो गोव्यात उतरला, ३ डिसेंबर १५५२ ला चीनच्या किनाऱ्यावरच्या एका बेटावर वारला, आणि देह जुन्या गोव्यात बॉम जेझू चर्चमध्ये आहे. १६२२ मध्ये त्याला संतपद मिळालं, त्यानंतर लोक मुलांना हे नाव ठेवू लागले. त्यामुळे जुनेपणात हाविएर दिएगोच्या पासंगालाही पुरत नाही, हे मान्य करायला हवं.

त्याच्या उच्चाराबद्दल लोक मला सगळ्यात जास्त घाबरवत होते. स्पॅनिशमध्ये पहिलं अक्षर 'जे' लिहितात आणि ते घशातून घासत काढतात, आपल्या 'ख' आणि 'ह' यांच्या मधलं काहीतरी. 'व' म्हणताना ओठ जवळजवळ मिटतात, म्हणून तो 'ब' ऐकू येतो. भारतात कागद दाखवला की कुणी 'जेव्हियर' वाचतं, कुणी 'जावेर', आणि थोडं माहीत असलेला 'झेवियर' म्हणतो. एका पोराला चार नावं होणार, असं मित्रांनी बजावलं होतं. झालं तसंच, पण पहिला महिनाभर. बारशाला ताई सावंतवाडीहून आली होती. गोविंद घ्या, गोपाळ घ्या झालं, आणि आत्याच्या मानाने तिने बाळाच्या कानाशी तोंड नेलं. तिला तो घशातला आवाज काही केल्या जमत नव्हता, आदल्या रात्री माझ्या सासूबाईंनी तिला स्वयंपाकघरात दहा वेळा घोटवलं होतं. कुर्रर्र करून तिने हलकेच श्वास सोडला आणि त्या श्वासावरच 'हाविएर' म्हटलं. सासूबाईंनी मान डोलावली. अगदी अस्सल नसेल, पण बाळाच्या कानाला पुरेसं होतं. आज आमच्या घरातली सगळी माणसं त्याला नीट हाक मारतात. अनोळखी लोक चुकतात, त्यांना एकदा सांगावं लागतं. माझ्या अनुभवात उच्चार शिकवून होतो. चिकटलेला चुकीचा अर्थ मात्र शिकवून निघत नाही.

या नावाला दुसरं ओझं आहे, आणि गोव्याशी नातं असलेल्या घरात त्यावर न बोलता पुढे जाऊ नये. १५४६ मध्ये याच झेवियरने पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून इन्क्विझिशनची, म्हणजे धर्मद्रोही शोधून शिक्षा करणाऱ्या चर्चच्या न्यायालयाची, मागणी केली होती. ती गोव्यात १५६० मध्ये आली, म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर आठ वर्षांनी, आणि कायमची बंद झाली १८१२ मध्ये. आईचं माहेर मूळचं गोव्यातलं. देव रातोरात पालखीत घालून नदीपलीकडे नेल्याच्या गोष्टी मी तिच्याच मांडीवर ऐकल्या आहेत. म्हणून तिला सरळ विचारलं: "तुला हे नाव चालेल?" त्या दिवशी तिने उत्तर दिलं नाही. दुसऱ्या दिवशी फोन आला. "नाव गावाचं आहे म्हणालास ना? मग त्या घराचं नाव ठेव. माणसाचं ठेवलंस असं मी धरणार नाही." मला यापेक्षा नेमकं उत्तर कुणी दिलेलं नाही. पण तुमच्या घरात हे असं सुटेलच असं मी म्हणणार नाही. वडीलधाऱ्यांशी आधी बोला.

इञिगो या तिसऱ्या नावाबद्दलही विचारतात, म्हणून थोडं. खरं तर तिन्हींत गोड अर्थ त्याचाच. बास्क 'एनेको'वरून आलेलं, आणि त्याचा अर्थ साधारणपणे 'माझा चिमुकला' असा लावतात. पाम्प्लोनाचा पहिला राजा इञिगो आरिस्ता, नवव्या शतकातला. जेझुइट पंथाचा संस्थापक इग्नेशियस लोयोला जन्माने इञिगोच. इग्नासिओ हे लॅटिन वळणाचं नाव त्याने नंतर घेतलं. १५२१ मध्ये पाम्प्लोनाच्या किल्ल्यावर तोफगोळ्याने त्याचा पाय मोडला, तेव्हा समोरच्या बाजूने हाविएरच्या गढीतले थोरले भाऊ लढत होते. पुढे पॅरिसला इञिगो आणि त्यांचा धाकटा भाऊ फ्रान्सिस्को एकाच खोलीत राहिले. हे वाचल्यावर माझा पाय नावाच्या यादीवर दोन दिवस अडखळला होता. गंमत बघा, त्यातला तो नागमोडी रेघेचा 'एन' म्हणजे आपला 'ञ'. आपण बालवाडीत गिरवतो आणि पुढे जन्मात फारसा वापरत नाही. देवनागरीत नाव अचूक बसतं, पण पासपोर्टच्या यंत्राला ती रेघ वाचता येत नाही, तिथे साधा 'एन' होतो आणि मुलगा 'इनिगो' बनतो. भारतात हे नाव दोनदा सांगितलं की ऐकणारा 'इंडिगो' लिहून घेतो. रेघेचा त्रास सोसायची तयारी असेल तर इञिगोचा जरूर विचार करा. सांतियागोबद्दल मी बोलत नाही, कारण तिथे याकोबाचा अर्थ वादाविना येतो, आणि आमच्या घरात तो चालला नाही एवढंच.

रोजच्या वापराचं म्हणाल, तर दिएगोचं टोपणनाव फारसं होत नाही, लाडाने दिएगितो म्हणतात. हाविएरचं लगेच 'हाबी' होतं. नव्हारात तर हे नाव उदंड आहे. ३ डिसेंबर हा संताचा दिवस, तोच नव्हाराचा दिवस, सुट्टी असते, आणि आमच्या इमारतीत त्या दिवशी तीन दारांवर शुभेच्छा द्याव्या लागतात. बागेत 'हाबी' अशी हाक मारली की कडेच्या बाकावरचे पन्नाशीचे दोघे वळून बघतात. वेगळेपणा हवा असेल तर हे नाव तुमच्यासाठी नाही. मला ते आवडतं. माझा मुलगा दिसायला वर्गात वेगळा आहे, नावाने तरी तो इथला आहे.

२०२४ च्या नोव्हेंबरात जुन्या गोव्यात झेवियरचं शवप्रदर्शन सुरू झालं. दर दहा वर्षांनी होणारं. सुट्टीत सावंतवाडीला होतो, आई म्हणाली जाऊन येऊ. रांग मांडवाखालून लांबवर गेलेली, पोरगा कंटाळून माझ्या हाताला लोंबकळत होता. पुढच्या म्हाताऱ्या बाईंनी मागे वळून विचारलं, "तुजें नांव कितें रे बाबा?" त्याने सांगितलं, घशातून, अस्सल पाम्प्लोनाचा. त्यांना कळलं नाही. मी 'झेवियर' म्हणणार तेवढ्यात आईच म्हणाली, "शावियेर." बाईंचा चेहरा उजळला. "शावियेर! सायबाचें नांव!" म्हणत त्यांनी पिशवीतून चणे काढून त्याच्या ओंजळीत घातले.

पोर्तुगीजमध्ये ते अक्षर अजून 'श'च आहे, म्हणून गोव्यातही 'श'. आणि सोळाव्या शतकात, तो गढीतला मुलगा लहान असताना, स्पॅनिशमध्येही ते 'श'च होतं. घशातला आवाज पुढच्या शतकात रुळला, आणि 'एक्स'च्या जागी 'जे' लिहायचा नियम तर १८१५ चा. म्हणजे त्याला त्याच्या आईने मारलेली हाक रांगेतल्या त्या बाईंच्या हाकेशी जास्त जुळली असती. बास्क भाषेत आजही 'एक्स'ने लिहितात आणि 'शाबिएर' म्हणतात. नव्हारात नोंदणीला हे रूप सर्रास चालतं.

ही गोष्ट मला तेव्हा माहीत असती, तर त्या फॉर्मवर मी नाव तेच लिहिलं असतं, फक्त पहिलं अक्षर 'एक्स' केलं असतं. तुमचा फॉर्म अजून कोरा असेल तर बायकोला विचारून बघा.