वसई किल्ल्याचा हेरिटेज वॉक: पैसे वसूल, पण एक माइक घ्या राव

वसई किल्ल्यात एक लोकल ग्रुप रविवारी सकाळी वॉक घेतो, माणशी चारशे रुपये, त्याबद्दल लिहितोय. नुसते रील काढायला जाणार असाल तर चारशे वाचवा, आत जायला तसंही तिकीट नाही.

आपल्याकडे वसई म्हटलं की थेट १७३९ आणि चिमाजी आप्पा, त्यांचं ते तोफेच्या तोंडी बांधायचं वाक्य तर सगळ्यांना पाठ असतं. पण त्याआधी दोनशे वर्षं या तटाच्या आत बसून हुकूम कोण सोडत होतं ते कुणी सांगतच नाही. या गाईडने नेमकं तेच धरलं. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाने वसई पोर्तुगीजांना देऊन टाकली, मग गव्हर्नर नुनो द कुन्हाने गार्सिया द सा याला इथला पहिला कॅप्टन केलं, पुढे हाच माणूस गोव्यात गव्हर्नर झाला. फौज कॅप्टनच्या हाताखाली आणि शहरावर वचकही त्याचाच. आणि नेमणूक किती दिवस, तर साधारण तीन वर्षं! राजाकडून बक्षीस म्हणून मिळायचं हे पद, नंतर नंतर तर सरळ पैसे घेऊन विकायचे. आता पैसे मोजून आलेला माणूस तटाची डागडुजी करणार की आधी स्वतःची वसुली करणार, तुम्हीच सांगा. मला तर वसई पडायची अर्धी गोष्ट इथेच कळली.

हे सगळं त्याने बालेकिल्ल्यात उभं राहून सांगितलं, म्हणजे सगळ्यात जुना भाग, बाकी शहराचा तट नंतर त्याच्याभोवती वाढला. जमिनीकडच्या दरवाजातून आत येताना तो मुद्दाम थांबवतो आणि वाट कशी वळवलीय ते दाखवतो, सरळ घुसताच येत नाही, वळलात की दोन्ही बाजूंनी वरून मारा. मी आधी इथून कितीदा गेलोय पण मान वर करून बघितलं नव्हतं.

कॅप्टनच्या वर परत उत्तर प्रांताचा जनरल, तोही वसईतच. चौलपासून दमणपर्यंतचा मुलूख त्याच्याकडे. १७३७ ला मराठ्यांनी ठाणं घेतलं तेव्हा तिथला किल्ला बांधून पुराही झाला नव्हता. दोन वर्षांनी वसईला वेढा पडला, सुरुंग लागले, जनरल सिल्व्हेरा लढाईतच मेला आणि शेवटी तहावर सही करायची वेळ आली कायतानो द सौझा परेरावर, १६ मे १७३९. फौजेला हत्यारं घेऊन, निशाणं फडकवत, ढोल वाजवत बाहेर पडू दिलं आपल्या लोकांनी. त्यानंतर कारभार शंकराजी केशव फडके यांच्याकडे आला, म्हणजे माणसं बदलली पण गादी तिथेच.

आता तक्रारी. पंचवीस-तीस माणसं आणि माइक नाही, मागे उभं राहिलं की फक्त "सिल्व्हेरा... परेरा..." एवढंच ऐकू येतं, त्यात शेजारी कुणाच्या तरी प्री-वेडिंगचा ड्रोन घोंघावतोय. पोर्तुगीज नावं तर तो इतकी भराभर घेतो की लिहून घेणाऱ्यांनी वह्याच मिटल्या. आणि १७८० मध्ये इंग्रजांच्या गॉडार्डने वसई घेतली ते एका वाक्यात उरकलं, सालबाईच्या तहाने परत मिळाली हे तर मी विचारलं तेव्हा सांगितलं. १८०२ चा वसईचा तह, ज्याच्यात दुसऱ्या बाजीरावाने सगळं घालवलं, तो पार्किंगमध्ये पोचता पोचता. अरे, त्यावर वेगळा वॉक ठेवा ना, आम्ही येऊ!

पाचपैकी चार. वसई रोड स्टेशनवरून बस मिळते, रिक्षावाला सांगेल तो आकडा ऐकून लगेच हो म्हणू नका. पाणी, टोपी घ्या, आत सावली म्हणजे वडाखाली नाहीतर चर्चच्या भिंतीला टेकून, आणि बाथरूमचं काम स्टेशनलाच उरकून घ्या.