जिंकलेल्याची सफाई, हरलेल्याची साक्ष : ‘क्रॉनिकल्स ऑफ द क्रुसेड्स’

पेंग्विन क्लासिक्स मालेतील ‘क्रॉनिकल्स ऑफ द क्रुसेड्स’ या पुस्तकात तेराव्या शतकातील क्रुसेडांचे, म्हणजे ख्रिस्ती धर्मयुद्धांचे, दोन फ्रेंच वृत्तांत एकत्र आले आहेत. पहिला जॉफ्रवा द व्हिलार्दुआँ याचा, चौथ्या क्रुसेडचा, म्हणजे मुसलमानांशी लढायला निघून ख्रिस्ती कॉन्स्टँटिनोपल लुटणाऱ्या मोहिमेचा. दुसरा जाँ द ज्वाँव्हिल याने लिहिलेले फ्रान्सच्या नवव्या लुई राजाचे चरित्र. १२४८ ते १२५४ या काळातील सातवे क्रुसेड हा त्याचा गाभा आहे. याच मालेत याच नावाने १९६३ साली एम. आर. बी. शॉ यांचा इंग्रजी अनुवाद आला होता. मी वाचली ती कॅरोलाइन स्मिथ यांच्या २००८ सालच्या नव्या अनुवादाची, प्रस्तावना आणि टिपा असलेली आवृत्ती. दोन्ही लेखक शाम्पेन प्रांताचे सरदार होते, एक मार्शल (लष्करी अधिकारी) आणि दुसरा सेनेशल (दरबारी कारभारी). दोघेही स्वतः मोहिमेवर गेलेले. दोघांनाही आपले युद्ध ईश्वराचे वाटते, पण एकाला विजयाचा खुलासा करायचा आहे आणि दुसऱ्याला पराभवाचा. पराभवाचा खुलासा कितीतरी सोपा असतो, हे पुस्तक वाचताना मला सर्वांत ठळकपणे जाणवले.

या दोघांचे वेगळेपण कळण्यासाठी त्यांच्या आधीच्या लेखकांकडे थोडे पाहायला हवे. पहिल्या क्रुसेडचे लेखन बहुतांशी धर्मगुरूंच्या हातात होते. शार्त्रचा फुल्शे आणि आगिलेरचा रेमों हे सरदारांच्या पदरी असलेले पाद्री होते. १०९९ साली जेरुसलेम पडल्यावर नोजांचा गिबेर आणि भिक्षू रोबेर यांच्यासारख्यांनी मठात बसून एका अनामिक माणसाचा साधा वृत्तांत नव्याने लिहून काढला, त्यातील घटनांना बायबलमधील भाकितांची चौकट दिली, आणि गिबेरने तर ग्रंथाच्या नावातच ही ईश्वराने फ्रँकांकरवी (म्हणजे फ्रेंचांकरवी) केलेली कृत्ये असल्याचे सांगून टाकले. कर्ता ईश्वर, फ्रँक निमित्तमात्र. व्हिलार्दुआँ आणि ज्वाँव्हिल हे मात्र संसारी योद्धे आहेत, लॅटिन सोडून बोलीतल्या फ्रेंचमध्ये सांगणारे. धर्मयुद्धाची कल्पना त्यांना प्रवचनांतून आयती मिळाली होती, आणि करार, कर्ज, उपासमार, लूट, खंडणी यांच्या धकाधकीत ती कशी वापरली गेली हे त्यांच्या लेखनात दिसते.

व्हिलार्दुआँची सारी कथा एका करारावर उभी आहे. १२०१ साली सहा दूत व्हेनिसला गेले, त्यांत तो स्वतः होता. ४,५०० सरदार आणि तितकेच घोडे, ९,००० स्क्वायर (सरदारांचे शिलेदार) आणि २०,००० पायदळ वाहून नेण्यासाठी ८५,००० चांदीचे मार्क द्यायचे ठरले. शिवाय व्हेनिसच्या पन्नास गलबतांच्या बदल्यात जिंकलेल्या मुलखाचा अर्धा वाटा व्हेनिसचा. पुढच्या वर्षी अपेक्षेच्या मानाने फारच थोडे लोक जमले, आणि प्रमुखांनी सोन्याचांदीची भांडी देऊन टाकूनही ३४,००० मार्क कमी पडले. पुढे जे जे झाले, ते या कर्जाच्या पोटातून झाले. व्हिलार्दुआँ याचा सारा दोष दुसऱ्या बंदरांतून परस्पर निघून गेलेल्यांवर टाकतो. साडेतेहतीस हजार माणसांचा आकडा ज्यांनी मान्य केला त्यांत आपण होतो, आणि तो आकडाच मुळात अवास्तव होता, हे तो एकदाही म्हणत नाही. बखरीतील पराक्रमाच्या वर्णनामागे वतनाचा दावा कुठे दडला आहे हे ओळखायला सरावलेल्या मराठी वाचकाला ही चलाखी चटकन कळेल.

कर्जाला मुदत मिळावी म्हणून व्हेनिसचा वृद्ध, अंध डोज (म्हणजे सत्ताप्रमुख) एन्रिको दांदोलो याने एड्रियाटिक किनाऱ्यावरचे झारा हे शहर व्हेनिसला परत जिंकून देण्याची अट घातली. झारा ख्रिस्ती होते, आणि ज्याच्या छत्राखाली ते होते त्या हंगेरीच्या राजानेही क्रुसेडची शपथ घेतलेली होती. शहर शरण येण्याची बोलणी चालू असताना व्हो मठाचा अधिपती डोजच्या तंबूत उभा राहिला आणि त्याने पोपच्या नावाने हल्ल्याला मनाई केली: आतले लोक ख्रिस्ती आहेत आणि तुम्ही यात्रेकरू आहात. हा प्रसंग व्हिलार्दुआँने लपवलेला नाही, पण तो ज्या जागी बसवला आहे ती जागा पाहण्यासारखी आहे. त्याच्या लेखी मठाधिपती हा सैन्य मोडू पाहणाऱ्या गटाचा माणूस. यापुढे जो कोणी मार्ग बदलण्याला विरोध करील, त्याची ओळख वृत्तांतात हीच राहते. विरोधकांचे म्हणणे साधे होते, आम्हाला सीरियाला जायचे आहे. पण लेखकाच्या नीतिशास्त्रात सैन्य एकत्र ठेवणे हेच पुण्य आणि ते सोडून जाणे हेच पाप होऊन बसले आहे. झाराबद्दल पोपने क्षमा केल्याचे तो आवर्जून सांगतो. व्हेनिसवासीयांना धर्मबहिष्कृत केले गेले, ही गोष्ट मात्र गाळतो.

कॉन्स्टँटिनोपलच्या पदच्युत सम्राटाचा मुलगा अलेक्सियस याने गादी परत मिळवून दिल्यास दोन लाख मार्क, पूर्वेकडील मोहिमेसाठी दहा हजार माणसे आणि ग्रीक चर्चची रोमशी निष्ठा देऊ केली, आणि यात्रेकरू कॉन्स्टँटिनोपलकडे वळले. २३ जून १२०३ रोजी शहराचे तट आणि बुरूज दिसले तेव्हा अंगावर काटा आला नाही असा शूर कोणी नव्हता, असे लेखक लिहितो. त्याच्या तुटक लेखनात भीतीची अशी कबुली क्वचितच सापडते, म्हणून ती लक्षात राहते.

या वृत्तांतातील धर्मयुद्धाची सर्वांत महत्त्वाची व्याख्या येते ती १२०४ साली. अलेक्सियसने वचने पाळली नाहीत, नंतर त्याचाच खून झाला आणि खुनी गादीवर बसला. तेव्हा सैन्यातील बिशपांनी निर्णय दिला की खुन्याला राज्याचा अधिकार नाही, त्याला साथ देणारे त्या खुनाचे भागीदार आहेत, शिवाय हे लोक रोमची आज्ञा मानत नाहीत. म्हणून हे युद्ध न्याय्य आहे, आणि पापांची कबुली देऊन यात मरणाऱ्यांना पोपने जाहीर केलेली पापमुक्ती मिळेल. खून, सहभाग आणि धर्मभेद हे तीन वेगवेगळे मुद्दे एका दमात एकमेकांना जोडले जातात आणि ख्रिस्ती शहरावरचा हल्ला जेरुसलेमच्या मोहिमेइतकाच पवित्र ठरतो. लेखक सांगतो की यामुळे सरदारांना आणि यात्रेकरूंना मोठा धीर आला. धीर द्यावा लागला, म्हणजे मनात शंका होती, हे त्याच्याच वाक्यातून निसटून जाते.

शहर १२ एप्रिलच्या हल्ल्यात पडले. जगाच्या निर्मितीपासून एका शहरात इतकी लूट कधी मिळाली नसेल, असे व्हिलार्दुआँ अभिमानाने लिहितो. पण चर्चमधल्या विटंबनेबद्दल आणि स्त्रियांवरच्या अत्याचारांबद्दल तो जवळजवळ मुका आहे. त्यासाठी शहरातून जीव वाचवून बाहेर पडलेल्या नीकेतास खोनियातेस या ग्रीक इतिहासकाराकडे जावे लागते. त्याने तर जेरुसलेम जिंकताना मुसलमान अधिक दयाळूपणे वागले होते, असे सुनावले आहे. व्हिलार्दुआँचा संताप वेगळ्याच ठिकाणी उफाळतो. लूट एका जागी जमा करून वाटायची असे ठरले होते, काहींनी ती दडवली, आणि सें-पोलच्या काउंटने आपल्याच एका सरदाराला गळ्यात ढाल अडकवून फाशी दिले. या लोभामुळे परमेश्वराचे आपल्यावरचे प्रेम कमी होऊ लागले, असे लेखकाचे मत आहे. लुटीमुळे नव्हे, लुटीच्या वाटणीत लबाडी झाल्यामुळे!

यानंतरचा भाग, म्हणजे थ्रेसमधील किल्ले, वेढे, कोणाला कोणती जहागीर मिळाली याच्या याद्या, बराच रुक्ष आहे आणि चाळून पुढे जायला हरकत नाही. अपवाद १२०५ सालच्या एड्रियानोपलच्या पराभवाचा. तिथे क्रुसेडरांनी कॉन्स्टँटिनोपलच्या गादीवर बसवलेला सम्राट बाल्डविन बल्गारांच्या हाती सापडल्यावर उरलेले सैन्य मागे आणण्याचे काम मार्शलने केले, आणि ते वर्णन नेमके आणि संयमी आहे. १२०७ साली मोहिमेचा नेता बोनिफास मारला जातो आणि तिथेच वृत्तांत थांबतो.

पान उलटून ज्वाँव्हिलकडे आलो की हवा बदलते. हा माणूस म्हातारपणी लिहितो आहे. फ्रान्सची राणी जान हिच्या विनंतीवरून त्याने हे काम हाती घेतले आणि ते १३०९ साली, राणीच्या मृत्यूनंतर, पुरे झाले. दरम्यान १२९७ साली लुईला संतपद मिळाले होते. म्हणजे नायकाचे पावित्र्य चर्चने आधीच शिक्कामोर्तब केलेले आहे, आणि मोहीम तर सपशेल फसलेली आहे. युद्धाची वकिली करण्याची जबाबदारीच न उरल्यामुळे ज्वाँव्हिल मोकळा होतो. निघण्यापूर्वी आपल्या ताबेदारांना बोलावून कोणावर अन्याय केला असेल तर भरपाई करतो असे तो म्हणतो. यात्रेकरूची काठी घेऊन अनवाणी निघतो, आणि किल्ल्याची व दोन मुलांची आठवण येऊन काळीज विरघळेल म्हणून मागे वळून पाहत नाही.

इजिप्तमधील दमिएता १२४९ साली जवळजवळ न लढता हाती आले. मग सैन्य तिथेच रेंगाळले, मेजवान्या झडल्या, आणि राजाच्या तंबूपासून दगडफेकीच्या अंतरावर कुंटणखाने चालू होते, हेही ज्वाँव्हिल नोंदवतो. पापामुळे पराभव, हे क्रुसेडच्या वृत्तांतांतले ठरलेले स्पष्टीकरण त्याच्याकडे तयार आहे. ते एकदा देऊन झाले की उरलेली पाने प्रत्यक्ष पाहिलेल्या गोष्टींसाठी रिकामी राहतात. मन्सूराजवळ रात्री शत्रू ग्रीक अग्नी फेकत असे. तो पिंपाएवढा जाड, मागे भाल्याएवढी लांब शेपटी असलेला, विजेसारखा गडगडत येई आणि छावणीत दिवसासारखा उजेड पडे. प्रत्येक वेळी राजा अंथरुणात उठून बसे आणि रडत, हात पसरून आपल्या लोकांच्या रक्षणासाठी प्रार्थना करी. पुढे छावणीत रोग पसरला, हिरड्यांचे मांस सडून वाढले, आणि न्हावी ते कापत असताना लोक प्रसूतीच्या वेदनांतील बायकांसारखे ओरडत होते. आधुनिक वाचक याला स्कर्व्ही म्हणेल.

धर्मयुद्धाच्या कल्पनेची खरी कसोटी लागते ती १२५० साली, सैन्य पकडले जाते तेव्हा. नदीतल्या गलबतावर शरण जायचे की नाही याची चर्चा चालू असताना ज्वाँव्हिलच्या पदरचा एक कोठारी म्हणतो, आपण सर्वांनी मारले जावे, म्हणजे थेट स्वर्गात जाऊ. पुढचे वाक्य एवढेच, की आम्ही त्याचे ऐकले नाही. हौतात्म्याची पापमुक्ती ज्या प्रवचनांतून दीडशे वर्षे सांगितली गेली, ती प्रामाणिकपणे मानणारा एक नोकर तेवढा त्या गलबतावर निघाला. नंतर तलवारी आणि कुऱ्हाडी घेऊन मारेकरी चढून येतात, तेव्हा सायप्रसचा कॉन्स्टेबल गी द इबेलिन ज्वाँव्हिलपुढे गुडघे टेकून पापे कबूल करतो. ज्वाँव्हिल त्याला, देवाने आपल्याला दिलेल्या अधिकारात, मुक्ती देतो. आणि उठल्यावर त्याने सांगितलेले एकही पाप आपल्याला आठवत नव्हते, असे लिहितो. संतचरित्रात हे ठेवणारा लेखक विरळा.

खंडणीचा प्रसंगही असाच. पैसे मोजून दिल्यावर फिलिप द नेमूर नावाचा सरदार बढाई मारतो की तोलताना आपण सारासेनांना (म्हणजे मुसलमानांना) दहा हजार लिव्हर नाण्यांना फसवले. राजा संतापतो. ज्वाँव्हिल हळूच फिलिपच्या पायावर पाय देतो आणि राजाला सांगतो, याचे ऐकू नका, हिशेबात सारासेनांसारखे पक्के लोक जगात नाहीत. राजा मात्र पूर्ण रक्कम पोचवण्याचा हुकूम देतो. काफिराला दिलेला शब्दही पाळायचा, हे लुईचे क्रुसेड. आणि त्याच लुईने, धर्माची निंदा ऐकली तर सामान्य माणसाने वाद न घालता तलवार निंदकाच्या पोटात जाईल तितकी खोल घालावी असेही सांगितल्याचे ज्वाँव्हिल तितक्याच शांतपणे नोंदवतो. दोन्ही गोष्टी एकाच माणसात कशा नांदतात, याचे समर्थनही तो करत नाही आणि नवलही मानत नाही.

माझ्या मते या खंडातील सर्वांत मोलाचा धागा सुटकेनंतरचा आहे. पॅलेस्टाइनच्या किनाऱ्यावरील अक्रा येथे बहुतेक सरदार मायदेशी परतण्याचा सल्ला देतात, तेव्हा ज्वाँव्हिल राहण्याच्या बाजूने उभा राहतो. निघताना एका नातेवाइकाने त्याला बजावले होते, की ज्या गोरगरिबांच्या सोबतीने तू गेलास त्यांना सारासेनांच्या हाती सोडून आलास तर तुला लाज वाटेल. पुढे १२६७ साली राजा पुन्हा क्रुसेडची शपथ घेतो आणि ज्वाँव्हिल जायला साफ नकार देतो. कारण तेच. मागच्या वेळी आपण परदेशी असताना फ्रान्सच्या आणि नव्हारच्या राजांच्या अंमलदारांनी आपल्या रयतेला नागवले. देवाला प्रसन्न करायचे तर इथे राहून तिचे रक्षण करायला हवे. राजाला जाण्याचा सल्ला देणाऱ्यांनी घोर पाप केले, असेही तो म्हणतो. लुई १२७० साली ट्युनिसजवळ वारला. क्रुसेड खोटे, असे ज्वाँव्हिल कुठेही म्हणत नाही. आपल्या आश्रितांवरची जबाबदारी हाच त्याच्या धर्मयुद्धाचा निकष आहे, आणि त्याच निकषावर तो एकदा थांबतो आणि एकदा जाण्याचे नाकारतो.

अनुवाद सुबोध आहे, आणि दोन्ही लेखकांचा श्रोत्यांना सांगण्याचा सूर त्यात टिकला आहे. खंडाची मर्यादा निवडीत आहे. दोन्ही आवाज शाम्पेनच्या वरच्या थरातले आहेत. चौथ्या क्रुसेडमध्ये पिकार्दीचा साधा सरदार रोबेर द क्लारी हाही होता, आणि बड्यांनी चांगली घरे कशी बळकावली याची कुरकुर त्याने लिहून ठेवली आहे. त्याची थोडी पाने इथे असती तर व्हिलार्दुआँची सफाई आपोआप उघडी पडली असती. ज्वाँव्हिलचा आरंभीचा आणि शेवटचा भागही राजाच्या सद्गुणांच्या आख्यायिकांनी जड झाला आहे. प्रथमच वाचणाऱ्याने पुस्तकाचा क्रम मोडून ज्वाँव्हिलच्या प्रस्थानापासून अक्रापर्यंतचा भाग आधी वाचावा, मग व्हिलार्दुआँकडे जावे, आणि कॉन्स्टँटिनोपलचा पाडाव आला की खोनियातेस शेजारी उघडा ठेवावा.