ओसाकाची संध्याकाळ: नकाशा हातात घेऊन, की गाइडचं बोट धरून?

ओसाकाला निघालेल्या ओळखीच्यांकडून हल्ली एकच प्रश्न येतो. नाम्बा-दोतोन्बोरी भागातली ती तीन तासांची, गाइडसोबत खात फिरायची फूड वॉक घ्यावी, की तेवढ्याच पैशांत आपलं आपण फिरून दुप्पट खावं? आम्ही दोघांनी दोन्ही केलं आहे, तेही एकाच आठवड्यात आणि त्याच गल्ल्यांमध्ये. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

दोतोन्बोरी म्हणजे काय हे सांगत बसत नाही. धावत्या माणसाची ती पाटी आणि पाय हलवणारा खेकडा तुम्ही व्हिडिओत पाहिलेले असणारच. एवढंच सांगतो की इथला कालवा १६१२ साली खणायला घेतला आणि १६१५ मध्ये पुरा झाला. मग काठावर नाट्यगृहं आली आणि नाटकाला येणाऱ्यांच्या पोटाची सोय करणाऱ्या खानावळीही आल्या. क्योतोचा माणूस कपड्यांपायी बुडतो आणि ओसाकाचा खाण्यापायी, अशी तिकडे म्हणच आहे. पण आज ज्या खाण्यासाठी जीव टाकावा ते कालव्याच्या कडेला फारसं उरलेलं नाही. ते मागच्या गल्ल्यांत आहे, आणि आमची अडचण नेमकी तिथेच झाली.

पहिली संध्याकाळ आम्ही आमच्या जिवावर काढली. घरूनच नकाशावर चौदा ठिकाणं खुणा करून आणली होती. सुरुवात छान झाली. ताकोयाकीच्या, म्हणजे ऑक्टोपसचा तुकडा घातलेल्या पिठाच्या गोळ्यांच्या, टपरीपुढे रांगेत उभं राहायचं, बोटाने दाखवायचं, पैसे द्यायचे. आप्पेपात्राचा थोरला भाऊ शोभेल असा तवा, त्यावर टोच्याने भराभर गोळे फिरवणारा पोरगा, आणि कागदी होडीत आठ गरम गोळे. पहिलाच घास घाईने घेतला आणि जीभ पोळली. आतलं पीठ पातळ आणि उकळतं असतं. तरी मजा आली.

मग होझेन्जी देवळाकडे वळलो. शेवाळाने नखशिखांत हिरवी झालेली फुदो या बौद्ध देवतेची मूर्ती आहे, लोक तिच्यावर पाणी घालतात. हिने हात जोडले, पाणी घातलं. शेजारीच ती चिंचोळी गल्ली, होझेन्जी योकोचो, दगडी फरशीची, कंदिलांची. २००२ आणि २००३ साली लागोपाठ दोनदा आग लागली, तरी लोकांनी गल्लीची जुनी अरुंद रुंदी सोडली नाही, नव्याने बांधतानाही तशीच ठेवली. अशा गल्लीत बसून जेवायचं, एवढ्यासाठी मी हा प्रवास आखला होता म्हटलं तरी चालेल.

आणि तिथे दार आडवं आलं.

सरकतं लाकडी दार. काच असलीच तर दुधी. वरून छातीपर्यंत लोंबणारा कापडी पडदा, नोरेन. शेजारी हाताने लिहिलेली पाटी, तीही फर्राटेदार अक्षरात. आत किती माणसं आहेत, जागा आहे का, दर काय, लोक खातायत काय, यातलं बाहेरून काहीही कळत नाही. आपण कोल्हापुरात किंवा पुण्यात अनोळखी खानावळीत शिरताना आधी दारातून डोकावतो, कुणाच्या ताटात काय आहे ते पाहतो, गल्ल्यावरच्या माणसाची नजर धरतो आणि मग पाय आत टाकतो. इथे डोकावण्याची सोयच नाही. दार उघडलं की तुम्ही आत आलातच.

तरी एका दाराच्या खाचेत मी बोटं घातली आणि वीतभर सरकवलं. तळणाचा वास आला, हसण्याचा गलका आला. काउंटरला आठ पाठी एका रांगेत, आणि आठही माना आमच्याकडे वळल्या. काउंटरमागच्या माणसाने दोन्ही हात छातीपुढे आणून फुली केली. जागा नाही? आज फक्त आरक्षण? की परक्यांना घेत नाहीत? विचारायला भाषा नव्हती. मान लववून दार लोटलं. पुढच्या दुकानापाशी ही म्हणाली, "अहो, राहू द्या ना, उगाच त्यांना त्रास." त्यापुढच्या दोन दारांना तर मी हातही लावला नाही. फोन पाटीचं भाषांतर बरंवाईट करून देत होता, पण दारापाशी त्याचा उपयोग नव्हता. शेवटी चित्रांचा मेनू असलेल्या मोठ्या, झगझगीत हॉटेलात जेवलो. जेवण वाईट नव्हतं, पण चौदा खुणांपैकी एकही तिथे नव्हती, आणि हॉटेलवर परतेपर्यंत मला ते दारच डोळ्यांपुढे दिसत होतं.

तिसऱ्या दिवशी वॉक घेतली. माणशी बारा हजार येन, म्हणजे आपले सहा-सात हजार रुपये. सहा वाजता सात जण जमलो, गाइड ओसाकाचीच, चाळिशीची बाई. ती आम्हाला उरा-नाम्बात घेऊन गेली. उरा म्हणजे पाठीमागची बाजू. स्टेशनच्या गजबजाटामागे लहान लहान दुकानांचं हे जाळं आहे. पहिल्या दारापाशी तिने नोरेन एका हाताने बाजूला केला, दार धडाक्याने सरकवलं आणि आत न जाता खणखणीत आवाजात विचारलं, किती जणांची जागा होईल. आतून उत्तर आलं. माणसं स्टुलं सरकवून दाटीवाटीने बसली आणि आम्ही सात जण काउंटरला लागलो. अर्ध्या मिनिटाचं काम होतं. त्या फुलीबद्दल तिला विचारलं. म्हणाली, बहुतेक वेळा अर्थ एवढाच असतो की दुकान भरलंय. आठ खुर्च्यांचं दुकान भरायला कितीसा वेळ लागतो?

त्या संध्याकाळी चार दुकानं झाली. सगळ्यांचं वर्णन करत नाही, एकच पदार्थ सांगतो. लाल रंगाचं खारवलेलं आलं, बेनी शोगा, त्याची पातळ चकती पिठात बुडवून तळलेली. ओसाकाच्या लोकांचा हा जिव्हाळ्याचा पदार्थ. आपल्या भज्यांवर वाढलेल्या जिभेला तो पहिल्या घासात कळतो: वरून कुरकुरीत, आतून आंबट-तिखट, नाकात झणका. मेनूत त्याचं चित्र नव्हतं, इंग्रजी नावही नव्हतं. भिंतीवर टांगलेल्या कागदी पट्ट्यांपैकी एका पट्टीवर ते लिहिलेलं होतं. एकटा गेलो असतो तर त्या पट्टीखाली बसून बिअर आणि शेंगा मागवून उठलो असतो.

आणखी एक गोष्ट आपल्याकडच्या पुष्कळांना महत्त्वाची वाटेल. आम्ही बीफ खात नाही. ओसाकात नुसतं 'निकु', म्हणजे मांस, म्हटलं की ते गाईबैलाचं असं धरून चालतात. डुकराच्या मांसाला 'बुता' असं वेगळं म्हणतात. गाइडने ते समजावलं, तेव्हा पहिल्या रात्री मी पाटीचं भाषांतर करताना 'मांस' हा शब्द किती निर्धास्तपणे वाचला होता ते आठवलं. दोतेयाकी नावाचा मिसोत, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्यात, शिजवलेला प्रकार समोर आला, तो बैलाच्या स्नायुबंधांचा होता. तिने आधीच विचारून आमच्यासाठी कमळाच्या देठाचं आणि वांग्याचं तळण सांगून ठेवलं होतं. तसंच त्सुकिदाशीचं. बसल्या बसल्या न मागता एक छोटी वाटी पुढे येते आणि बिलात तिचे तीन-चारशे येन लागतात. ती बसण्याची फी समजायची. हे माहीत नसलं की फसवल्यासारखं वाटतं आणि उरलेली संध्याकाळ कडू होते.

आता वॉकच्या उण्या बाजू. घाई होते. ओकोनोमियाकीच्या, म्हणजे कोबी घातलेल्या जाड धिरड्याच्या, दुकानात तव्यावरचा शेवटचा तुकडा नुकता खरपूस होत होता आणि उठायची वेळ झाली. मला अजून एक मागवायचं होतं, ते राहिलं. सातांतला एखादा हमखास मागे रेंगाळतो आणि बाकीचे फुटपाथवर उभे. पोटाचं म्हणाल तर भरतं, पण आपल्या मर्जीने भरत नाही. निव्वळ पैशांचा हिशोब केला तर आपलं आपण खाणं निम्म्यात होतं, यात वाद नाही.

शिवाय सगळ्या वॉक सारख्या नसतात. २०१८पासून जपानमध्ये परवाना नसलेल्यालाही पैसे घेऊन गाइडचं काम करता येतं. त्यामुळे उत्तम माणसंही मिळतात आणि पाठ केलेली माहिती म्हणून दाखवणारीही. आमच्या एका स्नेह्यांना जी वॉक मिळाली तिने त्यांना कालव्याच्या कडेच्या टपऱ्यांवरच फिरवलं, जिथे बोट दाखवलं की काम होतं. त्यांना पैसे वाया गेल्यासारखे वाटले आणि ते बरोबरच होतं. म्हणून बुकिंगआधी दोनच गोष्टी विचारा. किती ठिकाणी आत बसून खायचं आहे, आणि गटात जास्तीत जास्त किती माणसं. आठांच्या वर असतील तर मी घेणार नाही, कारण दहा माणसं त्या दारातून आत मावतच नाहीत.

पूर्ण शाकाहारी असाल तर मात्र माझा कल उलटा होतो. बोनितो माशाच्या सुकवलेल्या कापांचा अर्क, दाशी, ओकोनोमियाकीच्या पिठातही असतो आणि ताकोयाकीच्याही. गाइडने कितीही मनावर घेतलं तरी चार दुकानांत तुमच्यासाठी वेगळं काही होणं कठीण. ते बारा हजार येन राखून शाकाहारी दुकानं शोधून तिथेच जावं, असं मला वाटतं.

दिवसाउजेडी तर गाइडची गरजच नाही. कुरोमोन बाजार उघडा आहे, माल समोर मांडलेला असतो. डिपार्टमेंट स्टोअरच्या तळघरातले खाण्याचे मजले म्हणजे पाहावं आणि घ्यावं. दोगुयासुजीत भांडी, तवे आणि हॉटेलांच्या दर्शनी काचेत मांडायचे, मेणासारखे दिसणारे खोटे पदार्थ बघत तास निघून जातो. शिन्सेकाई भागातली कुशिकात्सूची, म्हणजे काडीला लावून तळलेल्या तुकड्यांची, मोठी दुकानंही चित्रांचा मेनू ठेवतात. फक्त सामायिक सॉसचं भांडं असेल तर चावलेली काडी पुन्हा त्यात बुडवायची नाही. सॉस कमी पडला तर कोबीच्या पानाने उचलून घ्यायचा. अशा ठिकाणी दाराचा प्रश्नच येत नाही. आम्ही तिथे एकटेच फिरलो आणि गाइडची उणीव भासली नाही.

तुमचा स्वभाव माझ्यापेक्षा धीट असेल, थोडी जपानी येत असेल, तर कदाचित हे सगळं तुम्हाला लागू नसेल. पण चार-पाच रात्रींसाठी जात असाल तर माझं ऐका आणि वॉक सुरुवातीलाच घ्या, दुसऱ्या संध्याकाळी. पहिल्या दिवशी विमानाचा शीण असतो. आम्ही ती तिसऱ्या दिवशी घेतली आणि आधीच्या दोन रात्री फुकट गेल्या याची मला अजून रुखरुख आहे.

शेवटच्या संध्याकाळी आम्ही दोघेच त्या पहिल्या रात्रीच्या दुकानात परत गेलो. नोरेन बाजूला केला, दार सरकवलं, दोन बोटं वर केली आणि गाइडने शिकवलेला शब्द उच्चारला: फुतारी, दोघं. माना वळल्या, पण यावेळी मी दाराबाहेर मागे सरलो नाही. मालकाने कोपऱ्यातल्या दोन स्टुलांकडे हनुवटीने दाखवलं. हिने भिंतीवरच्या पट्ट्यांकडे पाहिलं आणि बेनी शोगाची पट्टी ओळखली. ती आकारानेच लक्षात राहिली होती म्हणे. आम्ही दोन प्लेटी मागवल्या, आणि उठायची कुणाला घाई नव्हती.