आधी ‘नष्टनीड’ वाचावी की ‘चारुलता’ पाहावी?

दीर-भावजयीमधली ओढ हा बंगाली साहित्यातला जुना, दुखरा विषय. त्याची ओळख करून घ्यायची असेल तर रवींद्रनाथ ठाकुरांची १९०१ मधली ‘नष्टनीड’ ही दीर्घकथा आणि तिच्यावरचा सत्यजित राय यांचा १९६४ चा ‘चारुलता’ हे दोन दरवाजे आहेत. माझं स्पष्ट मत, आधी चित्रपट पाहा.

चारूचं एकटेपण रायनी सांगितलेलं नाही, दाखवलंय. सुरुवातीची काही मिनिटं जवळजवळ संवादच नाहीत. हातात छोटी दुर्बीण घेऊन चारू या खिडकीतून त्या खिडकीत रस्त्यावरची माणसं बघत फिरते. पुस्तकात बुडालेला नवरा शेजारून निघून जातो, तेव्हा तीच दुर्बीण ती त्याच्यावर रोखते. माधवी मुखर्जींचा तो चेहरा पाहिला की पुढचं सगळं समजत जातं. हा नवरा, भूपती, वाईट माणूस नाही. त्याला स्वतःच्या इंग्रजी वर्तमानपत्रापुढे काही दिसत नाही, इतकंच. चारूला लिहितं कर, असं आपल्या आतेभावाला, अमलला, तोच सांगतो. झोपाळ्याच्या प्रसंगात चारूची नजर अमलवर थांबते, तिथे काय घडलं हे तिला आणि आपल्याला एकदमच कळतं.

मग कथा कशाला वाचायची? अमल निघून गेल्यानंतरच्या दिवसांसाठी. चित्रपट तिथून लवकर आवरतो, कथा मात्र थांबते आणि सोसायला लावते. अमलची खुशाली कळावी म्हणून चारू दागिने गहाण ठेवून चोरून विलायतेला तार करते. तिला आवडावं म्हणून भूपतीनं बंगालीत लिहायला घेतलेलं असतं. खरं काय ते उमगल्यावर ते सगळं तो चुलीत घालतो. भूपतीबद्दल इतकी कणव मला चित्रपटात वाटली नाही. दोन्हींचे शेवटही वेगळे आहेत. राय प्रश्न अधांतरी ठेवतात, रवींद्रनाथ चारूला उत्तर देऊ देतात, आणि ते उत्तर जास्त कठोर आहे.

रवींद्रनाथ आणि त्यांच्या वहिनी यांच्या नात्यावरचा २०१५ चा ‘कादंबरी’ हा चित्रपट मात्र सर्वांत शेवटी पाहा. या वहिनी, कादंबरीदेवी, यांनी १८८४ मध्ये, रवींद्रनाथांच्या लग्नानंतर चारेक महिन्यांत, आयुष्य संपवलं. ते मनात ठेवून कथा वाचायला घेतली की प्रत्येक ओळीत लेखकाचं घर शोधलं जातं आणि चारू मागे पडते. तिच्यावर तो अन्याय आहे.

रवींद्रनाथांच्याच ‘चोखेर बाली’ या कादंबरीचंही नाव या यादीत हमखास घेतलं जातं. पण तिथली बिनोदिनी ही परक्या घरात आश्रयाला आलेली तरुण विधवा आहे. वैधव्य आणि वासना यांवर वाचायचं असेल तर ती जरूर घ्या, दीर-भावजयीसाठी ‘नष्टनीड’च.