बोस-स्टर्लिंग घेऊ का ॲब्रॅम्स? आपल्या मराठी मीडियमवाल्यांसाठी रिव्ह्यू

आत्याच्या मुलीनं बी.ए.ला इंग्लिश घेतलंय. गेल्या रविवारी तिचा फोन, "अक्का, ऱ्हेटरिकचं, ते अलंकारांचं वगैरे, कुठलं पुस्तक घेऊ, सरांनी सहा नावं सांगितल्यात आणि पप्पा म्हणतात दोनच घे." मी म्हटलं थांब, लिहूनच देतो. तर हे तिच्यासाठी, खरं बेळगाव-खानापूर-निपाणीकडच्या बाकीच्या पोरापोरींना पण उपयोगी पडेल म्हणून सगळ्यांसाठी टाकालोय. आणि आधीच सांगतो, मी बाई आहे, आमच्याकडं बायका पण आलो-गेलोच म्हणतात, आणि 'पण'च्या जागी 'खरं' म्हणतात. पुण्याच्या मैत्रिणी हसतात, हसू देत.

माझं दहावीपर्यंत सगळं मराठीत झालं, नंदगडच्या पलीकडच्या एका गावात. बेळगावला कॉलेजला आलो आणि पहिल्याच आठवड्यात फळ्यावर इंग्लिश अलंकारांची नावं, सिमिली, मेटाफर, मेटॉनिमी आणि चौथा एक शब्द, जो मी वर्षभर मनातल्या मनात 'सायनेकडोच' असा वाचला. दुसऱ्या वर्षी व्हायवाला कळलं की तो 'सिनेक्डकी' आहे. समोरचे सर हसले नाहीत, बिचारे खिडकीबाहेर बघत बसले.

तर पहिलं पुस्तक बोस आणि स्टर्लिंगचं, 'एलिमेंट्स ऑफ इंग्लिश ऱ्हेटरिक अँड प्रॉसडी'. कलकत्त्याकडचं जुनं पाठ्यपुस्तक आहे, मला गणपत गल्लीजवळ जुन्या पुस्तकात ८० रुपयांना मिळालं. आधीच्या मालकानं पेन्सिलनं सगळीकडं 'इंपॉर्टंट' लिहिलेलं, म्हणजे कुठलंच इंपॉर्टंट नाही असं झालेलं. पुस्तक बारीक आहे, भाषा आजोबांची आहे, खरं रचना एकदम झकास. अलंकार ए टू झेड न लावता कशावर उभे आहेत त्यावरून गट पाडलेत. साम्यावर आधारलेले एकीकडं, संबंधावर आधारलेले दुसरीकडं, मग विरोध, कल्पना, आडून बोलणं, ध्वनी, वाक्याची बांधणी. व्याख्या दोन ओळींत संपते आणि लगेच उदाहरणं सुरू. हे गट बघितल्यावर माझं निम्मं टेन्शन गेलं कारण दहावीत व्याकरणाच्या तासाला उपमा, उत्प्रेक्षा, रूपक, अनन्वय, व्यतिरेक हे सगळं आपण घोकलेलंच असतं. इंग्लिश मीडियमच्या पोरांना सिमिली आणि मेटाफर नवीन, आपल्याला ती उपमा आणि रूपक, फक्त कपडे बदललेले. हा आपला फायदा आहे आणि हे आपल्याला कुणी सांगत नाही.

खरं सगळीकडं ही जोडी लावायला जाऊ नका, मी तिथंच आपटलो. मेटॉनिमीला मी अलंकारांच्या यादीत शोधत बसलो होतो, सापडेना. ती आपल्याकडं अलंकारात नाहीच, शब्दशक्तीत आहे, लक्षणा, म्हणजे सरळ अर्थ सोडून त्याला जोडलेला दुसरा अर्थ घ्यायचा. 'बाबा ताटावर बसले' हे वाक्य आठवतंय? बाबा काय ताटावर बसत नाहीत. तेच ते. आणि ही मला पुस्तकात कळली नाही, संध्याकाळच्या बसमध्ये कळली. कंडक्टर गर्दीतून येत होता आणि ओरडत होता (बिडी हे पण आमच्याकडचं एक गाव), "ए नंदगड, सुट्टे दे. बिडी कोण? खानापूर मुंदे होग्री, पुढं चला." माणसाला उतरायच्या गावाच्या नावानं हाक. ही झाली मेटॉनिमी. मग म्हणाला, "अजून चार डोकी मागं जातील." डोकं म्हणजे अख्खा माणूस, हे झालं माझं सायनेकडोच. मी बसमध्ये एकटीच हसत होतो, शेजारची मावशी सरकून बसली.

पुस्तकाचा दुसरा भाग प्रॉसडीचा, म्हणजे छंद. इथं मात्र मराठी मीडियमवाल्यांनी सावध राहा. आपल्या डोक्यात यमाताराजभानसलगा बसलेलं असतं, ऱ्हस्व म्हणजे लघु, दीर्घ म्हणजे गुरू, आणि आपण इंग्लिश ओळ पण तशीच मापायला घेतो. मी पहिल्या टेस्टला तसंच केलं आणि स्कॅन्शनच्या, म्हणजे ओळ मापायच्या प्रश्नाला भोपळा. इंग्लिशमध्ये अक्षर किती लांब त्याला किंमत नाही, जोर कुठं पडतो त्याला आहे. 'सिटी' हा शब्द देवनागरीत लिहून बघा, सि लघु, टी गुरू, म्हणजे आपल्या हिशोबानं आयँब झाला पाहिजे, हलकं-जड. खरं जोर 'सि'वर आहे, म्हणून तो ट्रोकी, जड-हलकं. 'बिगिन'मध्ये दोन्ही ऱ्हस्व, तरी तो आयँब, कारण जोर 'गिन'वर. बोस-स्टर्लिंगमध्ये हे असं सांगितलेलं नाही कारण त्यांना काय माहीत खानापूरची पोरगी वाचणार आहे. डिक्शनरीत शब्दाच्या उच्चारात वर जी बारीक उभी रेघ असते ना, तिच्या पुढच्या अक्षरावर जोर, ती बघायची सवय लावा, बाकी आपोआप येतं.

आता तक्रार. पुस्तकाच्या नावात ऱ्हेटरिक आहे आणि आत आहे फक्त अलंकारांची यादी. तीन वर्षं मला वाटत होतं ऱ्हेटरिक म्हणजे हेच, ओळ दिली की अलंकाराचं नाव सांगायचं आणि दोन मार्क घ्यायचे. एम.ए.ला ॲरिस्टॉटल आला आणि कळलं की ऱ्हेटरिक म्हणजे समोरच्याला पटवायचं कसं त्याचं शास्त्र, अलंकार हा त्याचा एक कोपरा. जुन्या रोमन लोकांनी त्याचे पाच भाग केलेले, मुद्दे शोधणं, लावणं, भाषा, पाठांतर आणि प्रत्यक्ष बोलणं. मग सोळाव्या शतकात फ्रान्समध्ये रेमस म्हणून एक प्रोफेसर झाला, त्यानं मुद्दे शोधणं आणि लावणं उचलून तर्कशास्त्राच्या खात्यात टाकलं, आणि ऱ्हेटरिकच्या वाट्याला भाषेची सजावट आणि बोलण्याची ढब एवढंच उरलं. आपली पाठ्यपुस्तकं त्या उरलेल्यावरच चालल्यात. वांगी काढून घेतलेली भाजी, नुसता रस्सा.

ॲरिस्टॉटल म्हणतो भाषणाचे प्रकार तीन. पुढं काय करायचं त्याचं, मागं काय घडलं त्याच्या न्यायाचं, आणि गौरवाचं किंवा निंदेचं. आता बेळगावात वाढलेल्या माणसाला हे पाठ करायला लागतं काय? सुप्रीम कोर्टात २००४ पासून सीमाप्रश्नाचा महाराष्ट्राचा दावा आहे, तो दुसरा प्रकार. आमचा भाग कर्नाटकात घातला त्याच्या निषेधाच्या १ नोव्हेंबरच्या काळ्या दिनाला पुढचा लढा कसा करायचा म्हणून जे बोलतात तो पहिला. आणि १७ जानेवारीला सीमालढ्यातल्या हुतात्म्यांना अभिवादन करताना जे बोलतात तो तिसरा. मी हे पेपरात लिहिलं होतं, मार्क बरे पडले. आणि 'बिदर, भालकी, बेळगाव, कारवार, निपाणीसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे' ही घोषणा लहानपणापासून ऐकलेली, खरं पहिल्या तीन नावांची सुरवात बि, भा, बे अशी ओठावरच होते हे मला ॲलिटरेशन, म्हणजे आपला अनुप्रास, शिकल्यावर दिसलं. मध्ये 'आणि' एकदा पण नाही, गावं एकामागून एक आदळतात, आणि सगळा जोर 'झालाच'मधल्या 'च'वर. ज्यानं कुणी ती बांधली त्याला बोस-स्टर्लिंगची गरज नव्हती.

एम.ए.ला बैलहोंगलची एक कन्नड मैत्रीण होती. ती म्हणाली तुमचं काय घेऊन बसलीस, आमच्या कन्नडमधला हातात असलेला सगळ्यात जुना ग्रंथच अलंकारशास्त्राचा आहे. खरंच आहे, 'कविराजमार्ग', नवव्या शतकातला, राष्ट्रकूट राजा नृपतुंगाच्या दरबारातला, संस्कृतातल्या दंडीच्या 'काव्यादर्शा'च्या आधारानं लिहिलेला. आणि त्यातच ते प्रसिद्ध वाक्य की कन्नड मुलूख कावेरीपासून गोदावरीपर्यंत. म्हणजे सीमाप्रश्न अलंकाराच्या पुस्तकात पण आलाच. आम्ही दोघी त्यावर बराच वेळ भांडलो, मग कुंदा खाल्ला, पैसे तिनं दिले.

दुसरं पुस्तक ॲब्रॅम्सचं 'अ ग्लॉसरी ऑफ लिटररी टर्म्स'. पहिल्यांदा १९५७ला आलं, ॲब्रॅम्स स्वतः १०२ वर्षं जगले आणि पुस्तक आवृत्तीमागून आवृत्ती वाढत गेलं. नाव ग्लॉसरी असलं तरी ही डिक्शनरी नाही, छोटे छोटे निबंध आहेत, आणि नवीन माणूस इथंच वैतागतो. 'मेटाफर' उघडलं की लिहिलेलं, 'फिगरेटिव्ह लँग्वेज', म्हणजे अलंकारिक भाषा, बघा. मेटॉनिमी पण तिथंच, सिनेक्डकी पण तिथंच. पहिल्यांदा तहसीलदार ऑफिससारखं वाटतं, या खिडकीवरून त्या खिडकीवर. खरं तो निबंध एका बैठकीत वाचून काढला की हे सगळे शब्द एकमेकांचे कोण लागतात ते कळतं, जे सुट्या व्याख्यांनी कधीच कळत नाही. 'आयरनी'ची, म्हणजे बोलायचं एक आणि अर्थ उलटा त्याची, नोंद तर दोनदा वाचा.

त्या नोंदीनंतर मी शेक्सपिअरच्या 'ज्युलियस सीझर'मधलं, सीझरच्या खुनानंतरचं अँटनीचं भाषण परत काढलं. खून करणाऱ्यांतला ब्रुटस आधी गद्यात बोलतो, नीट मुद्देसूद, लोकांना पटतं पण. मग अँटनी पद्यात सुरू करतो आणि ब्रुटस हा सज्जन माणूस आहे, सज्जन माणूस आहे असं इतक्यांदा म्हणतो की शेवटी सज्जन ही शिवी होते. आपल्याकडं ही व्याजस्तुती, 'अगदी देवमाणूस हो' म्हणून आपण शेजाऱ्याबद्दल म्हणतो तशी. आणि त्याची सगळ्यात भारी चाल म्हणजे मधेच म्हणतो, मी काही ब्रुटससारखा वक्ता नाही, साधा माणूस आहे. आपल्याकडं कुठल्याही सत्काराला जा, पहिला पाहुणा माईक हातात घेऊन म्हणतो "मी काही वक्ता नव्हे" आणि पाऊण तास सोडत नाही. फरक एवढाच की अँटनीचं ऐकून लोक घरं जाळायला निघाले आणि आपल्याकडं मागच्या रांगेतले जेवायला.

ॲब्रॅम्सची माझी कॉपी कशी आली ती पण सांगतो म्हणजे तुम्ही फसणार नाही. ऑनलाइन एका सेलरकडं अर्ध्याहून कमी किमतीत दिसलं, मी खुशीत ऑर्डर केलं. आलं ते झेरॉक्स करून बाइंड केलेलं, कव्हरवरचा रंग बोटाला लागणारा, आणि 'मीटर'च्या नोंदीत आयँब समजावून झाला आणि पान उलटलं तर थेट 'मॉडर्निझम'. मधली पानंच नाहीत. वर काही पानं दोनदा छापलेली, म्हणजे भरपाई केली म्हणायची. रिटर्न टाकलं तर मुदत संपली म्हणून उत्तर आलं, मुदत होती सात दिवसांची. शेवटी कॉलेजच्या लायब्ररीत बसून ती पानं चार फुलस्केपवर हातानं उतरून काढली आणि आत चिकटवली. तर ऑनलाइन घेताना किंमत फारच कमी दिसली तर शंका घ्या, आणि आल्या दिवशीच पानांचे नंबर मोजा, मी तीन महिन्यांनी मोजले.

बी. प्रसाद यांचं 'अ बॅकग्राउंड टु द स्टडी ऑफ इंग्लिश लिटरेचर' बहुतेक सगळ्यांकडं असतंच. ओड म्हणजे काय, एलेजी, सॉनेट, बॅलड, एपिक हे कवितेचे प्रकार, नाटकाचे प्रकार, निबंध, कादंबरी. इंग्रजी सोपं, बारावीच्या पोराला पण जमेल असं. पहिल्या सेमिस्टरला उत्तम, नंतर पातळ वाटायला लागतं. आणि हडसनचं साहित्याच्या अभ्यासावरचं पुस्तक शंभर वर्षांपूर्वीचं आहे, नेटवर फुकट मिळतं, पैसे घालवू नका. वाचायला गोड आहे, खरं परीक्षेला कमी. गाइडांबद्दल मी काहीच बोलत नाही, मी पण वापरल्यात.

तर बाई, तुझ्यासाठी निकाल असा. पप्पांनी दोन सांगितलीत ना, मग पहिलं बोस-स्टर्लिंग, जुनं बघ, शंभराच्या आत मिळेल, आणि आपलं दहावीचं मराठी व्याकरण फेकलं नसशील तर ते शेजारी ठेव, ते पुस्तकात धरत नाहीत. दुसरं ॲब्रॅम्स, खरं दुकानात जाऊन, हातात धरून, पानं मोजून. जुनी आवृत्ती असली तरी चालते. प्रसाद माझं घेऊन जा, कव्हर नाही त्याला. माझी ॲब्रॅम्स मागू नकोस. पुस्तक दोन नंबरचं आहे खरं ती चार फुलस्केप माझी आहेत, आणि त्यावर ट्रोकीच्या शेजारी मी 'सिटी' लिहून ठेवलंय.