वेफर्सच्या पाकिटांची हातमागावरची पिशवी: कापड उत्तम, दावा मोठा

वेफर्स, चिवडा आणि बिस्किटे यांच्या रिकाम्या पाकिटांपासून हातमागावर विणलेली खांद्याची पिशवी गेले काही महिने माझ्या रोजच्या वापरात आहे. पुण्यात रीचरखा आणि इकोकारी या उपक्रमांमुळे असे कापड अनेकांच्या परिचयाचे झाले. माझी पिशवी त्याच पद्धतीने काम करणाऱ्या एका लहान गटाकडून प्रदर्शनात घेतलेली आहे. वस्तू म्हणून ती चांगली आहे, परंतु तिच्यासोबतच्या चिठ्ठीतला, या पाकिटांचे पुनर्चक्रीकरण झाल्याचा दावा मात्र मला पटलेला नाही.

पाकिटे धुऊन, वाळवून कात्रीने लांब पट्ट्यांत कापतात, त्या पट्ट्या चरख्यावर गुंडाळतात आणि मागावर सुती किंवा पॉलिस्टरच्या ताण्यात बाणा म्हणून विणतात. यात काही वितळवले जात नाही आणि रंगही चढवला जात नाही; दिसतो तो मूळ छपाईचा रंग. माझ्या पिशवीत लाल-पिवळ्या पट्ट्यांमधून पाकिटाची चंदेरी बाजू मध्येच चमकते आणि निरखून पाहिल्यास एखाद्या ब्रँडच्या नावाचे अर्धे अक्षर सापडते, हे मला फार आवडले. वीण घट्ट असून भाजी, वह्या आणि पाण्याची बाटली एवढे ओझे ती विनातक्रार पेलते. पावसाची एखादी सर ती सोसते, पण शिवणीतून पाणी झिरपते, त्यामुळे कागदपत्रांसाठी तिच्यावर विसंबू नये. मळल्यास ओल्या फडक्याने पुसावी. इस्त्री अर्थातच वर्ज्य. चेन मात्र सुमार आहे, आणि इतक्या निगुतीने विणलेल्या कापडाला ती का लावली असेल हे कळत नाही. किंमत साध्या कापडी पिशवीच्या कितीतरी पट आहे, पण धुण्यापासून विणण्यापर्यंतचे बहुतेक काम हातांनी होते हे लक्षात घेतल्यास ती मला अवाजवी वाटली नाही.

आता त्या दाव्याविषयी. वेफर्सचे पाकीट एकाच पदार्थाचे वाटले तरी त्यात प्लास्टिकचे निरनिराळे थर, ॲल्युमिनियमचा अतिशय पातळ लेप, शाई आणि चिकटद्रव्य असते. हवा, ओलावा आणि प्रकाश अडवण्यासाठी घट्ट जोडलेले हे थर पुन्हा वेगळे करणे अवघड आणि खर्चिक असते, शिवाय पाकीट इतके हलके की किलोभर गोळा करताना कचरावेचकाची दमछाक व्हावी. त्यामुळे भंगारवाला त्याला सहसा हात लावत नाही. २०१६ च्या प्लास्टिक कचरा व्यवस्थापन नियमांत पुनर्चक्रीकरण न होणारी बहुस्तरीय वेष्टने दोन वर्षांत बंद करण्याची तरतूद होती. २०१८ च्या दुरुस्तीने ती केवळ ऊर्जा किंवा अन्य उपयोगही मिळू न शकणाऱ्या वेष्टनांपुरती उरली, आणि सिमेंटच्या भट्टीत जळू शकणारे पाकीट तिच्या कचाट्यातून अलगद सुटले.

पिशवीत हे थर होते तसेच राहतात. उलट त्यांना सूत, अस्तर आणि चेन यांची जोड मिळते, म्हणजे पिशवी फाटल्यावर तिची विल्हेवाट मूळ पाकिटाइतकीच कठीण असणार. पाकिटाचे आयुष्य काही वर्षांनी वाढते आणि विणणाऱ्यांना काम मिळते, हे मोलाचे आहेच. चिठ्ठीवर तेवढेच लिहिले असते तरी मी पिशवी घेतली असती. पुण्याच्याच आशया या कंपनीचा मार्ग वेगळा आहे. तिने अशा पाकिटांवर प्रक्रिया करून मिळवलेल्या प्लास्टिकच्या फ्रेमचे गॉगल २०२३ मध्ये ‘विदाऊट’ या नावाने आणले. पुनर्चक्रीकरणाचा दावा तिथे अधिक शोभतो, मात्र गॉगलमधूनही नवे पाकीट तयार होत नाही आणि दुकानात टांगलेल्या पाकिटांच्या माळांपुढे दोन्ही उपक्रम चिमुकलेच ठरतात.

ज्यांना टिकाऊ, देखणी आणि चारचौघांत विचारपूस होईल अशी पिशवी हवी असेल त्यांनी ती जरूर घ्यावी, फक्त चेन आधी दोन-चारदा उघडझाप करून पाहावी. अशा गटाला घरची पाकिटे द्यायची असल्यास ती आतून पुसून कोरडी करावीत आणि उघडताना कोपरा तोडून वेगळा करू नये, कारण सुटा तुकडा सहसा कोणी उचलत नाही. मोठी पाकिटे आवर्जून ठेवावीत. पाच रुपयांच्या पाकिटातून पट्ट्या फार आखूड निघतात.