सेल कल्चरसाठी इन्सुलिन: पावडर, तयार द्रावण की आयटीएस?

एमसीएफ-७ या स्तनाच्या कर्करोगाच्या पेशी लॅबमध्ये वाढवताना त्यांच्या मीडियमला, म्हणजे पोषक द्रावणाला, मिलिलिटरमागे 10 मायक्रोग्रॅम इन्सुलिन लागतं. म्हणजे 500 मिलीच्या बाटलीला 5 मिलिग्रॅम. ऑर्डर देण्याआधी हा हिशेब करा, निम्मा निर्णय तिथेच होतो.

रिकॉम्बिनंट ह्यूमन इन्सुलिनची पावडर मिलिग्रॅममागे सहसा स्वस्त पडते. नवीन विद्यार्थी मात्र ती सरळ पीबीएसमध्ये (उदासीन पीएचचं फॉस्फेट-मिठाचं द्रावण) टाकतो आणि ट्यूबमध्ये पातळ ताकासारखं काहीतरी तयार होतं. मीही तेच केलं होतं, वर तासभर व्हॉर्टेक्सही केलं, म्हणजे यंत्रावर ट्यूब घुसळत बसलो! इन्सुलिनचा समविद्युत बिंदू, म्हणजे जिथे त्याचा एकूण विद्युतभार शून्य होतो आणि ते सर्वांत कमी विरघळतं तो पीएच, 5.3 च्या आसपास आहे आणि उदासीन पीएचलाही झिंकसह आलेली पावडर नीट विरघळत नाही. पीएच 2 ते 3 च्या पातळ हायड्रोक्लोरिक आम्लात टाकली की बघता बघता द्रावण नितळ होतं. मग प्रथिनं कमी चिकटणाऱ्या फिल्टरमधून गाळायचं. स्टॉक दाट ठेवा. विरळ द्रावणातलं इन्सुलिन ट्यूबच्या भिंतींना चिकटतं आणि हाती किती उरलं ते कळत नाही.

तयार द्रावण बहुधा 10 मिग्रॅ/मिली मिळतं. 500 मिली मीडियमला अर्धा मिली, संपलं काम. 5 मिलीच्या बाटलीत दहा बाटल्या मीडियम होतं. ते 2 ते 8 अंशांना ठेवायचं, गोठवायचं नाही. दोन-तीन जणांच्या लॅबने पावडरच्या भानगडीत पडूच नये, असं माझं मत.

आयटीएस म्हणजे इन्सुलिन, ट्रान्सफेरिन, सेलेनियम एकत्र. 100 पट दाट, त्यामुळे 500 मिलीला 5 मिली. मीडियममधलं सीरम (प्राण्यांच्या रक्ताचा पेशीविरहित भाग) कमी करायचं असेल तर झकास. पण इन्सुलिनचाच परिणाम मोजायचा असेल तर घेऊ नका, सोबतचे दोघे हिशेबात लुडबुड करतात.

एकेटी फॉस्फोरिलेशनसारख्या प्रयोगात (इन्सुलिनच्या संदेशाने पेशीतल्या एकेटी प्रथिनाला फॉस्फेट जोडलं जातं का ते बघणं) तर मात्राच वेगळी. सीरम काढून पेशी उपाशी ठेवायच्या आणि बहुधा 100 नॅनोमोलर द्यायचं, म्हणजे जेमतेम 0.58 मायक्रोग्रॅम/मिली. कल्चरची 10 मायक्रोग्रॅम म्हणजे 1.7 मायक्रोमोलर, तिथे इन्सुलिनसारख्याच आयजीएफ-1 या वाढीच्या संप्रेरकाचा रिसेप्टरही जागा होतो. अशा कामाला पावडर किंवा नुसतं द्रावण, तेही बीएसए (गाईच्या रक्तातलं अल्ब्युमिन प्रथिन) घातलेल्या बफरमध्ये पातळ करून, म्हणजे इन्सुलिन भिंतींना चिकटत नाही.

केमिस्टकडची 40 युनिट/मिलीची बाटली स्वस्त दिसते, पण तिच्यात मिलीला जेमतेम 1.4 मिलिग्रॅम इन्सुलिन. 500 मिलीला साडेतीन मिलीहून जास्त ओतावं लागतं आणि त्यासोबत मेटाक्रेसोलसारखं प्रिझर्वेटिव्हही पेशींवर जातं. अडीनडीलाही नको.

रिकॉम्बिनंट इन्सुलिन ई. कोलाय जिवाणूत बनवलेलं घ्यायचं की यीस्टमध्ये? 51 अमिनो आम्लांचा क्रम तोच, पेशीला फरक पडत नाही. गाईचं इन्सुलिन तीन अमिनो आम्लांनी वेगळं, तरी कल्चरमध्ये चालतं. फक्त प्राणिजन्य घटक नकोत अशी अट असेल तर ते बाद.